बारा वर्षांपूर्वीची ज्येष्ठता यादी आता उकरायची का?

खाडीकाठ, ठाणे:
मी महसुलात अव्वल कारकून आहे. आमच्या संवर्गातल्या एकाने बारा वर्षांपूर्वी अंतिम झालेल्या ज्येष्ठता यादीवर आत्ता मॅटमध्ये (राज्य कर्मचाऱ्यांच्या प्रशासकीय न्यायाधिकरणात) ओए, म्हणजे मूळ अर्ज, टाकलाय, सोबत विलंब माफीचा अर्ज. त्या यादीवरून लोकं नायब तहसीलदार झाली, काही रिटायर झाली, त्यांची पेन्शनपण ठरली, आणि आता वरचा एक नंबर हलला की खालच्या सगळ्यांचे मानीव दिनांक (बढती मिळाली असं धरायची मागची तारीख) बदलणार, तोपर्यंत कोकण भवनला (विभागीय आयुक्तांच्या ऑफिसात) डीपीसी, म्हणजे बढती ठरवणारी समिती, अडकून पडणार. असा अर्ज उशिराच्या मुद्द्यावरच फेटाळला पाहिजे. शिबा शंकर मोहापात्र केसमध्ये सुप्रीम कोर्टाने ज्येष्ठतेला आव्हान द्यायला तीन ते चार वर्षं वाजवी धरलीत, त्यापुढे आलात तर उशिराचं कारण पटवून द्यावं लागतं. इतकी वर्षं हा माणूस काय करत होता?

नेरुळकर:
काय करत होता ते मी सांगतो, मोखाड्यात तलाठी होता. मोखाडा आता पालघरमध्ये आहे, पण तेव्हा पालघर वेगळा जिल्हा नव्हता, तो ऑगस्ट २०१४ ला झाला. ठाण्याच्या आस्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांच्या नेमणुका-बढत्या बघणाऱ्या) यादी निघायची, बोर्डावर लागायची, हरकतींची मुदत पंधरा दिवस, आणि आमच्याकडे परिपत्रक यायचं तेव्हा मुदत संपलेली असायची, मी स्वतः जव्हारला हे भोगलंय. ज्याने बढतीसाठी लागणारी महसूल अर्हता परीक्षा वेळेत पास केली, सेवापुस्तकात नोंद आहे, तरी यादीत उत्तीर्ण दिनांक चुकीचा पडला, त्याने गप्प बसायचं का? प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २१ मध्येच पुरेसं कारण असेल तर उशीर माफ करता येतो असं लिहिलंय.

खाडीकाठ, ठाणे:
लिहिलंय, मान्य. पण त्याच कलमात अंतिम आदेशापासून एक वर्ष आहे, निवेदनाला उत्तर नाही आलं तर सहा महिने थांबून पुढे एक वर्ष. यांनी काय केलं, मागच्या वर्षी निवेदन दिलं, त्यावर "नाकारण्यात येत आहे" असं पत्र आलं आणि त्या पत्रापासून मुदत मोजली. सी. जेकब केसमध्ये २००८ लाच कोर्टाने सांगितलंय की जुन्या दाव्यावर ऑफिसने उत्तर दिलं म्हणून तो दावा पुन्हा जिवंत होत नाही.

घणसोली सेक्टर सात:
दादा, पण चुकीची ज्येष्ठता रोज नुकसान करते ना, दर प्रमोशनला? पगार चुकीचा लागला तर दर महिन्याला नवा अन्याय धरतात, मग इथे का नाही?

कळवा फास्ट:
ताई, तरसेम सिंग निकालात (तोही २००८ चा) हाच फरक केलाय. पगार-पेन्शनमध्ये दुसऱ्या कोणाचं काही जात नाही म्हणून उशीर चालवून घेतात, फरकाची रक्कम मात्र साधारण तीन वर्षांचीच देतात. ज्येष्ठतेत दुसरा माणूस खाली येतो, तिथे उशीर आडवा येतो. आणि मला विचाराल तर मोठी अडचण वेगळीच आहे, जे खाली ढकलले जाणार त्यांना प्रतिवादी केलंय का? नुसतं शासन आणि कलेक्टर लावून चालत नाही, ज्यांची जागा जाणार त्यांना ऐकून घेतल्याशिवाय आदेश टिकत नाही.

खाडीकाठ, ठाणे:
नाही केलंय. मी स्वतः त्या यादीत त्याच्या वर आहे आणि मला नोटीससुद्धा नाही.

नेरुळकर:
मग ती दुरुस्ती करायला लावतीलच, तुम्ही हजर व्हा आणि भांडा. पण साहेब, अन्याय झालाय की नाही हे न बघता नुसती तारीख बघून हाकलणं मला पटत नाही. मोखाडा तहसीलचं त्या वर्षीचं आवक रजिस्टर मागवा. परिपत्रक मुदतीत पोचलं आणि याची सही आहे, तर मी पुढे एक शब्द बोलणार नाही. आणि पोचलंच नसेल तर बारा वर्षांचं खापर त्याच्या डोक्यावर कसं फोडता?

खाडीकाठ, ठाणे:
रजिस्टर मागवा, माझी हरकत नाही. पण ते पोचलं नसलं तरी पुढच्या वर्षीची यादी आली, त्यापुढची आली, तो सातव्या वर्षी ठाण्यात बदलून आला तेव्हा त्याच शाखेसमोर बसायचा. तेव्हा का नाही गेला? आणि समजा चूक खरी निघाली, तर त्याला पुढच्या प्रमोशनला मानीव दिनांक द्या, पण आठ-दहा वर्षं नायब तहसीलदार म्हणून काम केलेल्यांना पदावनत करू नका. त्यांनी कोणाचं काही चोरलेलं नाही.

घणसोली सेक्टर सात:
पदावनत कोणालाच नको, यावर माझं आणि दादांचं एकमत. पण मानीव दिनांक दिला की तो तुमच्या वर येणार, ते चालेल का तुम्हाला?

खाडीकाठ, ठाणे:
नाही चालणार. म्हणूनच तर वकील लावतोय.