विज्ञान, धर्म आणि तत्त्वज्ञान यांच्या संबंधांविषयी कोणती पुस्तके वाचावीत?

वाचनकट्टा

आमच्या गावच्या ग्रंथालयात दर महिन्याला आठ-दहा जण एक पुस्तक ठरवून वाचतो आणि त्यावर बोलतो. मंडळात एक निवृत्त अभियंते आहेत, एक कीर्तनकार आहेत, दोन शिक्षिका आहेत आणि उरलेले माझ्यासारखे हौशी. ७ सप्टेंबर २०२५ च्या खग्रास चंद्रग्रहणाच्या निमित्ताने वेध पाळावेत की नाही यावरून आमच्यात जो वाद झाला, तो अजून शमलेला नाही. त्यामुळे पुढचे काही महिने याच विषयाला द्यावेत असे ठरले आहे. अडचण अशी की, मला आजवर दोनच तऱ्हेची पुस्तके सापडली. एका तऱ्हेत धर्म म्हणजे विज्ञानाच्या वाटेवरील धोंड असे पहिल्याच पानावर ठरलेले असते. दुसऱ्या तऱ्हेत आधुनिक विज्ञानाचा प्रत्येक शोध आपल्या ऋषींना आधीच ठाऊक होता असे शेवटच्या पानापर्यंत सांगितलेले असते. निकाल आधी न लावता प्रश्न नीट मांडणारी पुस्तके जाणकारांनी सुचवावीत, ही विनंती. मराठीतील असल्यास उत्तम. इंग्रजी असल्यास आम्ही एकमेकांना समजावून घेऊ.

जुने पान

आपण सांगितलेल्या पहिल्या तऱ्हेचा उगम माहीत असला तर ती पुस्तके वाचणे सोपे जाते. जॉन विल्यम ड्रेपर यांचे धर्म व विज्ञान यांच्या संघर्षाचा इतिहास सांगणारे पुस्तक १८७४ मध्ये निघाले. पोपच्या अस्खलनशीलतेचा, म्हणजे धर्मविषयक अधिकृत निर्णयात पोप चुकू शकत नाही असा ठराव १८७० मध्ये झाला होता आणि ड्रेपर यांचा मुख्य रोख रोमन चर्चवर होता. पुढे १८९६ मध्ये अँड्र्यू डिक्सन व्हाइट यांचे दोन खंड आले. व्हाइट हे कॉर्नेल विद्यापीठाचे पहिले अध्यक्ष. ते विद्यापीठ कोणत्याही पंथाच्या अधीन ठेवायचे नाही असे ठरल्यामुळे धर्मोपदेशकांनी त्यांच्यावर बरीच टीका केली होती. म्हणजे ज्या दोन ग्रंथांनी ‘युद्धा’ची ही कथा जगभर रुजवली, ते दोन्ही ताज्या भांडणाच्या धगीत लिहिले गेले. त्यातील घटना खोट्या आहेत असे मी म्हणत नाही. त्यांची निवड पक्षकाराची आहे, एवढेच.

यावर उतारा म्हणून जॉन हेडली ब्रूक यांचे १९९१ चे ‘सायन्स अँड रिलिजन : सम हिस्टॉरिकल पर्स्पेक्टिव्हज’ घ्यावे. ते वाचायला सोपे नाही, कारण ते कोणतेच एक सूत्र वाचकाच्या हाती देत नाही. प्रत्येक शतकात आणि प्रत्येक प्रकरणात धर्म व विज्ञान यांचे नाते वेगळे दिसते, आणि ‘धर्म’ व ‘विज्ञान’ या शब्दांचे अर्थही त्यासोबत सरकत जातात.

मंडळात चर्चेला मात्र पुस्तकाआधी एक पत्र घ्या असे मी सुचवीन. १२ एप्रिल १६१५ रोजी कार्डिनल बेलार्मिन यांनी फोस्कारिनी या धर्मोपदेशकाला पत्र लिहिले. सूर्य स्थिर असून पृथ्वी फिरते हे खरोखर सिद्ध झाले तर बायबलमधील विरुद्ध भासणाऱ्या वचनांचा अर्थ फार काळजीपूर्वक लावावा लागेल, किंबहुना ती वचने आपल्याला कळलीच नाहीत असे म्हणावे लागेल. पण तशी सिद्धता मला कोणी दाखवलेली नाही, असा त्या पत्राचा आशय आहे. गॅलिलिओने १६३२ च्या ‘संवाद’ या ग्रंथात पृथ्वीच्या गतीचा पुरावा म्हणून भरती-ओहोटीवर भर दिला आणि तो युक्तिवाद चुकीचा निघाला. पृथ्वीच्या प्रदक्षिणेमुळे ताऱ्याचे स्थान बदललेले दिसावे अशी जी अपेक्षा होती, ते स्थानांतर बेसेल या जर्मन खगोलशास्त्रज्ञाने १८३८ मध्ये मोजून दाखवले. तरीही गॅलिलिओ बरोबर होता आणि चर्चच्या न्यायालयाने १६३३ मध्ये त्याच्याविरुद्ध दिलेला निकाल अन्यायाचा होता. बरोबर असणे आणि सिद्ध करता येणे यांतील हे अंतर कशाने मोजायचे, हा प्रश्न ना दुर्बिणीचा आहे ना बायबलचा. तो तत्त्वज्ञानाचा आहे, आणि आपल्या विषयात तत्त्वज्ञान का हवे याचे यापेक्षा चांगले उदाहरण मला माहीत नाही.

नक्षत्रमाळ

वाद ग्रहणावरून झाला असेल, तर युरोपात जाण्याआधी शंकर बाळकृष्ण दीक्षित यांच्या १८९६ च्या ‘भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास’ या ग्रंथाकडे वळावे, असे मला वाटते. कोकणातील मुरुडच्या या शाळाशिक्षकाने मराठीत लिहिलेला हा ग्रंथ आजही अभ्यासक संदर्भाला घेतात. आकाशातील गणित आणि धर्मशास्त्रातील तिथी यांची गाठ कशी बसत गेली आणि कुठे सैल झाली, हे त्यात पानोपानी दिसते. दीक्षित स्वतः सायन मताचे, म्हणजे पंचांग ताऱ्यांऐवजी ऋतूंशी जुळते ठेवावे या मताचे होते. मकरसंक्रांत आज १४-१५ जानेवारीला येते आणि प्रत्यक्ष उत्तरायण २१-२२ डिसेंबरलाच सुरू होते, ही तफावत आपल्या घरातल्या पंचांगातच आहे. अयनचलनामुळे, म्हणजे पृथ्वीचा अक्ष संथपणे डोलत असल्यामुळे, ती सुमारे ७२ वर्षांत एका अंशाने वाढते. खगोलभौतिकशास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या समितीने सुचवलेले, ऋतूंशी जुळणारे राष्ट्रीय पंचांग २२ मार्च १९५७ पासून अमलात आले, तरी सण जुन्याच पद्धतीने चालले आहेत. (आमच्या घरीही तिळगूळ जानेवारीतच वाटला जातो, हे कबूल करतो.)

आणि राहूची गोष्ट तर आपल्या मंडळासाठीच आहे. ग्रहण छायेमुळे होते, हे आर्यभटाने ४९९ च्या सुमारास सांगितले आणि वराहमिहिराने राहू हे ग्रहणाचे कारण नव्हे असे स्पष्ट म्हटले. ब्रह्मगुप्ताने मात्र ६२८ मध्ये या दोघांनाही श्रुतिस्मृतिविरोधी ठरवले. ब्रह्मदेवाच्या वराने राहू पृथ्वीच्या छायेत शिरतो अशी तडजोड त्याने काढली आणि गणित पुन्हा छायेनेच केले. सुमारे चारशे वर्षांनी भारतविद्येचा अभ्यासक अल्-बिरूनी याने यावर त्याला धारेवर धरले, आणि सॉक्रेटिसासारखी देहान्ताची वेळ येईल या भीतीपोटी तर त्याने असे लिहिले नसेल ना, अशी शंकाही व्यक्त केली. ब्रह्मगुप्त भ्याला होता, की श्रद्धा आणि गणित यांना एका घरात नांदवू पाहत होता? आपले अभियंते आणि कीर्तनकार या एका प्रश्नावर दोन तास सहज बोलतील.

तर्कटी

वरील दोन्ही प्रतिसाद इतिहासाचे आहेत. इतिहास वाचून माणूस समंजस होतो, पण प्रश्न सुटत नाही. जीवाश्मशास्त्रज्ञ स्टीफन जे गुल्ड यांनी १९९९ मध्ये अशी वाटणी सुचवली की, जग कसे आहे हे विज्ञानाने सांगावे आणि मूल्ये व जीवनाचा अर्थ धर्माने पाहावा. ऐकायला ही वाटणी सोयीची आहे. परंतु वेध पाळा असे सांगणारा धर्म केवळ मूल्य सांगत नाही, ग्रहणकाळात अन्न दूषित होते असे विधानही करतो, आणि ते विधान तपासता येते. शिवाय मूल्यांचा सातबारा एकट्या धर्माच्या नावावर कोणी केला? म्हणून स्कॉटिश तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूमचे नैसर्गिक धर्माविषयीचे, म्हणजे केवळ बुद्धीच्या आधाराने ईश्वराचा विचार करणारे संवाद वाचावेत. ते त्याच्या मृत्यूनंतर, १७७९ मध्ये प्रसिद्ध झाले. सृष्टीतील रचनेवरून रचनाकार सिद्ध होतो काय, याची इतकी कसून चिकित्सा डार्विनच्या ८० वर्षे आधी झाली होती, हे पाहून आपले मंडळ चकित होईल.

एक सावधगिरी. फ्रिट्जॉफ काप्रा यांचे १९७५ चे ‘ताओ ऑफ फिजिक्स’ कोणी ना कोणी सुचवीलच. त्यात पौर्वात्य दर्शनांशी नाते जोडताना ज्या ‘बूटस्ट्रॅप’ सिद्धांताला (कोणताही कण मूलभूत नाही, सगळे एकमेकांपासूनच बनतात, या मताला) मोठे स्थान दिले आहे, तो क्वार्क नावाचे मूलभूत कण मानणाऱ्या सिद्धांतापुढे लवकरच मागे पडला. आजच्या भौतिकीवर धर्माची भिंत बांधली की उद्या भौतिकी सरकते आणि भिंतीला तडा जातो. आपल्या दुसऱ्या तऱ्हेच्या पुस्तकांचे दुखणे हेच आहे.

जुने पान

तर्कटी यांच्याशी बव्हंशी सहमत आहे, पण म्हणूनच ‘गीतारहस्य’ सुचवतो. भक्तिग्रंथ म्हणून ते घरोघरी असते आणि वादग्रंथ म्हणून क्वचितच वाचले जाते. मंडालेच्या तुरुंगात १९१०-११ च्या हिवाळ्यात लिहिलेल्या या ग्रंथात टिळक आधिभौतिक (इंद्रियांना दिसणाऱ्या जगाचा), आधिदैविक (देवतांचा) आणि आध्यात्मिक (आत्म्याचा) असे विचाराचे तीन मार्ग मांडतात आणि त्यासाठी कोंत या फ्रेंच तत्त्ववेत्त्याचा आधार नाव घेऊन देतात. कोंतने श्रेष्ठ ठरवला तो आधिभौतिक मार्ग. टिळक आध्यात्मिक मार्गाला वर नेतात. पुढे सांख्य दर्शनातील प्रकृतीची, म्हणजे जगाच्या मूळ द्रव्याची, जर्मन जीवशास्त्रज्ञ हेकेलच्या जडाद्वैताशी (सगळे जग एकाच जड द्रव्यातून निघाले या मताशी) तुलना करताना ते साम्य दाखवून थांबत नाहीत, तर चैतन्य जडातून निघते की वेगळे मानावे लागते या मुद्द्यावर दोघांची फारकतही दाखवतात. निष्कर्ष पटो वा न पटो, ‘आमच्याकडे सगळे होतेच’ या सुरापेक्षा ही रीत फार वेगळी आहे. उलट बाजूसाठी तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांची ‘हिंदुधर्माची समीक्षा’ लगेच पाठोपाठ घ्यावी. वाईच्या प्राज्ञपाठशाळेत घडलेला पंडित आतून चिकित्सा करतो, तेव्हा तिला बाहेरच्या टीकेचा उथळपणा नसतो.

वाचनकट्टा

सर्वांचे मनःपूर्वक आभार. पहिल्या महिन्यात बेलार्मिनचे पत्र आणि ब्रह्मगुप्ताचा राहू एकत्र घ्यायचे ठरले आहे. गॅलिलिओची बाजू कीर्तनकारबुवा मांडतील आणि ब्रह्मगुप्ताची अभियंते. दोघांनीही कुरकुर करीत मान्य केले. ह्यूम आणि ‘गीतारहस्य’ त्यानंतर.

पत्राच्या इंग्रजी भाषांतरावरून मी मराठी करायला बसलो आणि पहिल्याच परिच्छेदात अडलो. ‘डेमॉन्स्ट्रेशन’ला ‘प्रमाण’ म्हणावे, तर आपल्याकडे शब्दप्रमाण, म्हणजे शास्त्रवचनाचा आधार, तेही प्रमाणच, म्हणजे बायबल मागच्या दाराने आत येते. ‘सिद्धता’ हा शब्द शाळेतल्या भूमितीचा वाटतो. आपले ज्योतिषी गणिताच्या समर्थनाला ‘उपपत्ती’ म्हणत, तो शब्द मला जवळचा वाटतो आहे. पण बेलार्मिन मागत होता ती उपपत्तीच होती का, हे नक्षत्रमाळ यांनी सांगावे.