‘क्लेर’ने पोलंडच्या चर्चचं नेमकं काय बदललं?

रीळ_३५ (धागाकर्ता):
वोइचेख स्माझोव्स्कीचा ‘क्लेर’ हा कॅथलिक धर्मगुरूंच्या गैरकृत्यांवरचा कथापट २८ सप्टेंबर २०१८ला पोलंडमध्ये लागला. पहिल्या तीन दिवसांत नऊ लाखांवर तिकिटं, एकूण पन्नास लाखांवर. तेव्हापासून ‘या चित्रपटाने चर्चला जाब द्यायला लावलं’ हे पालुपद चालू आहे. तारखा लावल्या की ते टिकत नाही. मुलांवरच्या अत्याचाराची माहिती असून पोलिसांना न कळवणं हा गुन्हा (पोलंडच्या दंडसंहितेचं कलम २४०, तीन वर्षांपर्यंत कैद) जुलै २०१७पासूनच आहे. अत्याचार करणाऱ्या धर्मगुरूच्या धर्मसंघाने पीडितेला दहा लाख झ्वोटी (पोलंडचं चलन) आणि आजन्म पेन्शन द्यावी, हा निकाल पोझनानच्या अपील न्यायालयाने २ ऑक्टोबर २०१८ला कायम केला, पण मूळ निकाल जानेवारीतला. खरा धक्का दिला धर्मगुरूंच्या अत्याचारांवरच्या सेकीएल्स्की बंधूंच्या माहितीपटाने, मे २०१९मध्ये. यूट्यूबवर फुकट, छुपा कॅमेरा, खरे चेहरे.

मागची_रांग:
मग मार्च २०१९चं काय करणार? १४ तारखेला पोलंडच्या बिशपांच्या परिषदेने स्वतःच आकडे जाहीर केले: १९९० ते २०१८ या काळातल्या मुलांवरच्या अत्याचाराच्या तक्रारी, ३८२ धर्मगुरू, ६२५ बळी. माहितीपट यायला अजून दोन महिने होते. तारखांचाच खेळ असेल तर तो तुमच्यावरही उलटतो.

रीळ_३५:
तो दाब रोमचा. फेब्रुवारी २०१९च्या याच विषयावरच्या व्हॅटिकन बैठकीसाठी पोपने सगळ्या देशांच्या बिशप परिषदांच्या अध्यक्षांना बोलावल्याची घोषणा १२ सप्टेंबर २०१८ची, म्हणजे चित्रपटाच्या सोळा दिवस आधीची.

मागची_रांग:
बोलावणं सगळ्यांनाच होतं. घरच्या पन्नास लाख प्रेक्षकांसमोर गप्प बसणं अवघड झालं, एवढंच म्हणतोय.

आडवी_फ्रेम:
(शेवट फुटेल, सांभाळून.) मला चित्रपट म्हणूनच तो अर्धा फसलेला वाटतो. १३३ मिनिटांत दारू, प्रेयसी, बांधकामाचं कंत्राट, ब्लॅकमेल आणि अत्याचार. सगळं एकाच पातेल्यात टाकल्यावर ‘हे व्यंगचित्र आहे’ म्हणायची सोय बिशपांना आयती मिळते. यानुश गायोसचा शिवराळ आर्चबिशप तर त्यासाठीच बेतल्यासारखा. पण एक गोष्ट पक्की जमलीये. गाव ज्याच्यावर तुटून पडतं तो धर्मगुरू कुकुवा निर्दोष, आणि खरा गुन्हेगार, दुसरा धर्मगुरू लिसोव्स्की, वरच्या कार्यालयात बसून बढतीची वाट बघतोय. ‘चर्चविरोधी प्रचारपट’ म्हणणाऱ्यांनी हे पाहिलेलंच दिसत नाही.

कलम_किडा:
परिणाम मोजायचाय ना? मग कालिशचे बिशप यानियाक यांचं प्रकरण घ्या. सेकीएल्स्कींचा दुसरा माहितीपट १६ मे २०२०ला आला, त्यात बिशपांचं नाव घेऊन प्रकरण दाबल्याचा आरोप. पोपच्या मे २०१९च्या नियमांत दुर्लक्ष करणाऱ्या बिशपचीही चौकशी आहे. पोलंडच्या प्रायमेटनी (मानाने पहिले आर्चबिशप) लगेच रोमला कळवलं, जूनमध्ये धर्मप्रांतावर प्रशासक आला, १७ ऑक्टोबरला राजीनामा मंजूर. ‘क्लेर’मधल्या आर्चबिशपवर कुणी फाइल उघडणार? तक्रारीला नाव, ठिकाण, साल लागतं, आणि कथापट ते देऊच शकत नाही. धागाकर्त्याशी सहमत.

मागची_रांग:
आणि त्या माहितीपटांना प्रेक्षक कुठून आले? विषय घराघरात आधीच पोचवलेला होता.

जनगणना:
‘क्लेरमुळे चर्च ओस पडले’ हेही कुणीतरी म्हणणारच, म्हणून आधीच सांगतो. पोलंडच्या चर्चमधली रविवारची उपस्थिती २०१७ला ३८.३ टक्के, २०१८ला ३८.२, २०१९ला ३६.९. मोठी घसरण २०२१मध्ये, २८.३. मध्ये कोविड आणि गर्भपाताच्या निकालावरची २०२०ची आंदोलनं. शिवाय मोजणीची पद्धत बघा: शरद ऋतूतला एकच रविवार, आणि छेद म्हणून कॅथलिकांपैकी ८२ टक्के धरायचे (लहान मुलं, अंथरुणाला खिळलेले वगळून). परदेशी गेलेले नोंदीत तसेच राहिले तर टक्का आपोआप खाली येतो.

रीळ_३५:
हे आकडे माझ्याच बाजूचे आहेत की!

मागची_रांग:
नाहीत. उपस्थिती म्हणजे श्रद्धा. बिशपांवरचा विश्वास वेगळा मोजावा लागेल. कुकुवाचं दुःख बघून बाहेर पडलेला माणूस पुढच्या रविवारी मिस्साला जाऊ शकतो, आणि तरीही बिशपचं पत्र वाचायला नकार देऊ शकतो.