आईस्क्रीम वेलीचा वैताग आलाय, मुळापासून कशी काढायची?

राजेंद्रनगरची_बाग: नमस्कार मंडळी, इंदूरलाच राहते. सहा वर्षांपूर्वी मामींकडून आईस्क्रीम क्रीपरची एक मुळं फुटलेली फांदी आणून कंपाउंडच्या भिंतीपाशी लावली, पहिली दोन वर्षं येणारा-जाणारा विचारायचा काय सुंदर गुलाबी फुलं आहेत हो म्हणून. आता ती वेल शेवग्यावर, तिथून विजेच्या तारेवर आणि तिथून शेजारच्या काकांच्या पाण्याच्या टाकीवर गेलीय, आणि काका दोन महिने झाले नीट बोलत नाहीयेत. जानेवारीत माळ्याकडून बुडापासून कापून घेतली तर उन्हाळा लागेपर्यंत तीन ठिकाणांहून वर. गेल्या आठवड्यात फरशीच्या फटीतून कोंब आला तो ओढला तर तुटून हातात, खाली खुरपीने उकरलं तर चक्क रताळ्यासारखं काहीतरी! सासूबाई म्हणतात राहू दे, देवाला फुलं होतात. काय करू?

काळी_माती: ताई, ते रताळंच समजा. या वेलीचा सगळा जीव त्या जमिनीतल्या कंदांत असतो, वरून कितीही कापा, खाली शिदोरी भरलेली असते तोवर ती येणारच. ही मूळची मेक्सिकोची, तिकडे कंद खातातसुद्धा म्हणे (तुम्ही खाऊ नका 😄). पॅसिफिकमधल्या ग्वाम बेटावर तर तिने झाडंच्या झाडं झाकून टाकलीत. आपल्याकडची घाणेरी आठवा, तीही 1809 च्या सुमारास कलकत्त्याच्या बागेत शोभेचं झुडूप म्हणूनच आणली होती ना.

आता काढायचं कसं. उन्हाळ्यात आपली काळी माती दगड होते, पहार मारली तर कंद तुटतो आणि राहिलेला तुकडा परत फुटतो. भर पावसात चिखल. म्हणून एक-दोन चांगले पाऊस पडून जरा उघडीप मिळाली, वाफसा आला (म्हणजे माती ओलसर पण चिखल नसलेली झाली) की खणा, आधी वेल कापून दोन वीत खुंट ठेवा म्हणजे त्याला धरून धरून खाली जाता येतं. एकदा खणून होणार नाही, वर्षभर दर पंधरा दिवसांनी फेरी मारायची आणि दिसेल तो कोंब चार पानं फुटायच्या आत खालून उकरायचा.

पोहे_जिरावन: भिया, कंद निघाले की लगेच कचरागाडीत ओल्या कचऱ्यात टाकू नका! मी टाकले नाहीत पण घरच्याच खतखड्ड्यात टाकले होते, पुढच्या वर्षी ते खत ज्या ज्या कुंडीत घातलं त्या प्रत्येक कुंडीत ही बाई हजर, कढीपत्त्यातसुद्धा. गच्चीवर कडक उन्हात पार सुकवा, बोटाने मोडले की मग टाका. आणि फुलं सुकून तपकिरी कागदासारखी होतात ना, त्याच्या आत तिधारी बी असतं, ते पाण्यावर तरंगतं, पावसाच्या पाण्याबरोबर नालीतून कुठच्या कुठे जातं. म्हणून फुलोरा सुकायच्या आधीच कापायचा.

मधमाशी_काकू: सगळे हात धुऊन त्या वेलीच्या मागे लागलेत म्हणून लिहिते. दिवाळीच्या सुमारास माझ्या वेलीवर सकाळी आठ वाजता जा, नुसता गुंजारव असतो मधमाश्यांचा. मी मोठ्या सिमेंटच्या कुंडीत ठेवलीय, कुंडीखाली थाळी, आणि झुबक्यांच्या टोकाला जे स्प्रिंगसारखे ताणे असतात ते गजाच्या बाहेर गेले की कात्री. बारा वर्षं झाली, पण हो, रोज बघावं लागतं.

काळी_माती: काकू, तुम्ही रोज बघता म्हणून. भाड्याने घर देऊन मुलाकडे पुण्याला सहा महिने गेलात तर?

मधमाशी_काकू: जातच नाही मी, सुनेला विचारा 😄 पण जमिनीत लावू नका हे मलाही मान्य.

रामबागवाले: तणनाशक मारायच्या फंदात पडू नका ताई, शेजारी मोगरा-जास्वंद असेल तर वाऱ्याने त्यांच्यावर उडतं. आणि तारेवरची वेल स्वतः ओढू नका, वीजवाल्यांना बोलवा. त्या जागी जुई लावा, वासही येईल, देवाला फुलंही होतील. मधुमालती नको, तीही कमी नाही.

राजेंद्रनगरची_बाग: सगळ्यांचे आभार. काल पाऊस थांबल्यावर शेवग्याखाली खणलं, अर्धी बादली कंद निघाले, सगळ्यात मोठा माझ्या मुठीएवढा. आवाज ऐकून शेजारचे काका भिंतीवरून डोकावले आणि म्हणाले, "पहार हवी का?" सासूबाईंना जुई चालेल म्हणाल्या, फक्त रोप त्या स्वतः निवडणार.