टीव्हीवरच्या सोलापुरात विडीवाल्या बायका कुठं आहेत?

पूर्वभागकर: काल एका वाहिनीवर बदलत्या सोलापूरवर अर्धा तास कार्यक्रम झाला. आधी 1877 ची जुनी गिरणी, मग लक्ष्मी-विष्णू गिरणी, मग विमानाच्या वाटेत येते म्हणून 2023 साली पाडलेली सिद्धेश्वर साखर कारखान्याची चिमणी, आणि तिथून थेट विमानतळ. मधलं शहर गेलं कुठं? गिरण्या बसल्यावर पूर्व भागातली घरं तगली ती यंत्रमागावर आणि बायकांच्या विड्यांवर. पान-तंबाखू घरी आणायचा, विड्या वळून नेऊन द्यायच्या, तपासणीत बाजूला काढलेल्यांचे पैसे बुडाले. मजुरी हजार विड्यांमागे. त्या पैशात पोरं शिकली. त्यांच्या वाट्याला एक मिनिटही नाही, याचा मला राग आलाय.

पुण्यातला सोलापूरकर: मला नाही पटत. माझ्या आईनं विड्याच वळल्या, आणि तिचा खोकला कधी गेला नाही. शहर त्या कामातून बाहेर पडतंय हीच खरी बातमी. 2025 मध्ये विमानसेवा सुरू झाली. गावात नवा उद्योग का येत नाही, तर विमान नाही, हे आपण वर्षानुवर्षं ऐकलं. आता ते दाखवलं तर बिघडलं काय?

टॉवेलवाला: बाहेरच्या उद्योगाचीच वाट का बघायची? इथल्या चादरीला आणि टेरी टॉवेलला भौगोलिक मानांकन आहे, म्हणजे ते नाव इथल्याच मालाला, तरी सोलापुरी म्हणून पानिपतचा माल खपतो. त्यावर चकार शब्द नाही. शाळेचे गणवेश शिवणारे कारखाने वाढलेत, तेही नाहीत. आमचा माल रस्त्यानं जातो. आम्हाला परवडणारी वीज द्या, आणि कामगाराच्या घरी नळाला रोज पाणी. चार-चार दिवस पाणी नसेल तर पाण्याच्या दिवशी माणूस कामावर येणार कसा?

पूर्वभागकर: पुणेकर, तुमच्या आईचा खोकलाच दाखवा म्हणतोय मी. सोलापूरजवळ कुंभारीला रे नगर उभं राहिलं, असंघटित कामगारांची 30 हजार घरांची वसाहत. कामगार नेते आडम मास्तरांनी त्यासाठी किती वर्षं घालवली! जानेवारी 2024 मध्ये पंतप्रधानांनी पहिल्या 15 हजार घरांच्या चाव्या दिल्या. विमानतळापर्यंत आलेला कॅमेरा तिथं का गेला नाही?

पुण्यातला सोलापूरकर: रे नगर हवंच होतं. पण तिथल्या पोरांना काम कुठं आहे, हेही विचारा की. घर कुंभारीला आणि नोकरी हिंजवडीला, याला मी प्रगती म्हणणार नाही. वाहिनीला पत्र लिहिणार असाल तर हा प्रश्न वर घाला, मी सही करतो.

टॉवेलवाला: पाण्याचाही घाला.