‘यवन’ या शब्दातील ‘व’ : लुप्त झालेल्या एका ग्रीक वर्णाविषयी

प्रश्न

प्राचीन ग्रीक भाषेच्या इतिहासावर मराठीत लेखन करताना मला एक शंका आली आहे. आशिया मायनरच्या पश्चिम किनाऱ्यावरील आयोनिया या ग्रीक प्रदेशाच्या नावाशी ‘यवन’ हा शब्द जोडला जातो. परंतु अभिजात ग्रीक भाषेत तेथील लोकांचे नाव ‘इओनेस’ असे आहे आणि त्यात ‘व’ कोठेच नाही. मग संस्कृतातील ‘व’ आला कोठून? परंपरेने सांगितलेली ‘यु’ म्हणजे मिसळणे या धातूपासूनची व्युत्पत्ती, किंवा रामायणाच्या बालकांडातील वसिष्ठांच्या धेनूच्या योनिदेशातून यवन निर्माण झाल्याची कथा, यांत काही तथ्य मानावे काय? शिवाय, मराठी लेखनात प्राचीन ग्रीकांना ‘यवन’ म्हणणे योग्य ठरेल काय, याविषयीही जाणकारांनी मत द्यावे.

प्रतिसाद

धातूवरून आणि ‘योनि’ शब्दावरून दिलेल्या व्युत्पत्ती या परक्या नावाला संस्कृतात अर्थ शोधण्याच्या प्रयत्नातून आल्या आहेत. त्या बाजूला ठेवाव्यात. आपण ‘व’ विषयी विचारलेला प्रश्न मात्र नेमका आहे, कारण त्याचे उत्तर ग्रीक भाषेच्याच इतिहासात दडलेले आहे.

ग्रीक भाषेत एके काळी ‘व’ हा उच्चार होता आणि जुन्या ग्रीक वर्णमालेत त्यासाठी सहावे अक्षरही होते. त्याला ‘दिगाम्मा’ म्हणतात. आयोनियन आणि अथेन्सच्या ॲटिक बोलींतून हा उच्चार फार लवकर नाहीसा झाला. पुढे बहुतेक ग्रीक वाङ्मय याच बोलींच्या वर्चस्वाखाली आल्यामुळे ते अक्षरही मागे पडले आणि 6 या अंकाची खूण एवढ्यापुरतेच उरले. बिओशियासारख्या काही प्रदेशांच्या शिलालेखांत मात्र ते बराच काळ दिसते. लॅटिनने तेच चिन्ह ‘फ’ या उच्चारासाठी घेतले.

या लुप्त वर्णाचा शोध कसा लागला, हा ग्रीक भाषेच्या अभ्यासातला मला सर्वांत मोलाचा वाटणारा भाग आहे. होमरच्या काव्याच्या हस्तलिखितांत हे अक्षर नाही. तरीही 18व्या शतकाच्या आरंभी केंब्रिजचे रिचर्ड बेंटली यांच्या लक्षात आले की, काही विशिष्ट शब्दांपूर्वी होमरचे वृत्त अडखळते. इलियडच्या सातव्या ओळीत ‘ते’ या अव्ययानंतर ‘आनाक्स’ म्हणजे राजा हा शब्द येतो. दोन स्वर असे लागून आले की ग्रीक काव्यात ‘ते’ मधील स्वराचा लोप व्हायला हवा, परंतु येथे तो होत नाही. मूळ शब्द ‘वानाक्स’ होता असे धरले की वृत्त निर्दोष बसते. संस्कृताशी तुलना केल्यावर याला आणखी आधार मिळाला. ग्रीक ‘ओइदा’ म्हणजे ‘मला ठाऊक आहे’. त्याचे जुने रूप ‘वोइदा’ होते आणि त्याचे संस्कृतातील भावंड ‘वेद’ हे क्रियारूप आहे. ‘ओइकोस’ म्हणजे घर, मुळात ‘वोइकोस’. त्याचे नाते संस्कृतातील ‘विश्’ म्हणजे वस्ती या शब्दाशी आहे.

होमरपूर्व काळातला प्रत्यक्ष लेखी पुरावा मिळायला मात्र 1952 साल उजाडावे लागले. व्यवसायाने वास्तुविशारद असलेल्या मायकेल व्हेन्ट्रिस यांनी क्रीट बेटावरील नोसॉस आणि मुख्य भूमीवरील पायलॉस येथील मातीच्या पाट्यांवरची ‘लिनिअर बी’ लिपी उलगडली आणि तिची भाषा ग्रीकच असल्याचे दाखवून दिले. होमरपेक्षा कित्येक शतके जुन्या असलेल्या या पाट्यांवर राजासाठी ‘वा-ना-का’ असे लिहिलेले आहे, म्हणजे वृत्तावरून अनुमानिलेला ‘व’ तेथे अक्षररूपात समोर आला. आपल्या प्रश्नाच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाचे असे की, नोसॉसच्या पाट्यांवर ‘इ-या-वो-ने’ असा शब्द मिळाला आहे आणि तो ‘इयावोनेस’ म्हणजे आयोनियन लोकांचे नाव म्हणून वाचला जातो. या नावाचा पुढचा प्रवास ‘इयावोनेस’, मग होमरमधील ‘इआओनेस’ आणि शेवटी दोन स्वरांचा संकोच होऊन ‘इओनेस’ असा झाला. ‘यवन’ शब्दातील ‘व’ त्या पहिल्या अवस्थेकडे निर्देश करतो. हिब्रू भाषेतील ‘यावान’ या नावातही तोच ‘व’ टिकलेला आहे.

शंका

वरील विवेचन पटण्याजोगे आहे, परंतु एक आक्षेप नोंदवावासा वाटतो. अशोकाच्या शिलालेखांत ‘यवन’ नसून ‘योन’ हे रूप आहे; अंतियोक या ग्रीक राजाला तेथे ‘योनराज’ म्हटले आहे. प्राकृतात ‘अव’ चा ‘ओ’ होतो हे ‘लवण’ आणि ‘लोण’ या जोडीवरून मराठी भाषकालाही सहज कळते. तेव्हा मूळ आगत शब्द ‘योन’ हाच असेल आणि संस्कृत पंडितांनी नियम उलटा लावून ‘यवन’ घडवला असेल, तर त्यातील ‘व’ प्राचीन ग्रीकचा अवशेष कसा म्हणता येईल?

उत्तर

आक्षेप रास्त आहे आणि तो पूर्णपणे फेटाळता येत नाही. तथापि, ‘योन’ हे रूप तरी कोठून आले, हे पाहिले पाहिजे. इराणचा सम्राट दारयवहू (पहिला) याच्या इ.स.पू. 520 च्या सुमाराच्या बेहिस्तून शिलालेखात ग्रीकांसाठी ‘यउन’ हा शब्द आहे. गांधार प्रांत आणि आयोनिया हे दोन्ही तेव्हा एकाच इराणी साम्राज्यात होते आणि हे नाव त्या साम्राज्यातूनच भारतीयांच्या कानी पडले असावे. ‘यउन’ मधील ‘उ’ हा त्या जुन्या ‘व’ चाच पडसाद आहे. म्हणजे ‘यवन’ हे रूप थेट आलेले असो किंवा ‘योन’ वरून मागाहून संस्कारित केलेले असो, त्याची मुळे ग्रीकांनी ‘व’ गमावण्यापूर्वीच्या नावापर्यंत जातातच. पंडितांनी नियम उलटा लावला असल्यास त्यांच्या हातून मूळ रूपाच्या जवळ जाणारा शब्द घडला, एवढाच त्याचा अर्थ होतो.

याचा पाणिनीच्या काळाशीही संबंध आहे. अष्टाध्यायीच्या 4.1.49 या सूत्रात ‘यवन’ शब्द आला आहे आणि कात्यायनाने त्यावर वार्तिक म्हणजे पूरक टीप देऊन ‘यवनानी’ म्हणजे यवनांची लिपी असा अर्थ सांगितला आहे. यावरून पाणिनी हा अलेक्झांडरनंतरचा असला पाहिजे, असे काही अभ्यासकांनी पूर्वी मांडले होते. हा तर्क मला अजिबात पटत नाही. अलेक्झांडरच्या सैनिकांच्या तोंडी ‘हेलेनेस’ (ग्रीक लोकांचे स्वतःसाठीचे नाव) आणि ‘इओनेस’ अशी नावे होती. त्यांच्याकडून हा शब्द आला असता तर त्यात ‘व’ किंवा ‘उ’ असण्याचे काहीच कारण नव्हते. या नावाच्या रूपावरूनच त्याचा प्रवेश अलेक्झांडरच्या स्वारीपूर्वीचा ठरतो.

महाराष्ट्रातील लेण्यांत ही दोन्ही रूपे आढळतात, हे येथे आवर्जून सांगायला हवे. कार्ल्याच्या चैत्यगृहातील स्तंभांवर धेनुकाकट येथील दात्यांनी स्वतःला ‘यवन’ म्हटले आहे आणि जुन्नरच्या लेण्यांतही ‘यवन’ दाते आहेत. नाशिकच्या एका लेण्यात मात्र उत्तरेकडून आलेला दाता ‘योणक’ म्हणून नोंदला आहे. त्याच नाशिकच्या लेण्यांत गौतमीपुत्र सातकर्णीची ‘सक, यवन आणि पल्हव यांचा संहार करणारा’ अशी प्रशस्ती आहे. हे लेख प्राकृतात असूनही त्यांतील बहुतेक ठिकाणी ‘यवन’ हेच रूप वापरलेले दिसते.

पुरवणी

असाच आणखी एक शब्द ‘होरा’ हा आहे. ‘अहोरात्र’ या शब्दातील पहिले आणि शेवटचे अक्षर गाळून तो बनला, असे एक मत वराहमिहिराने बृहज्जातकात नोंदवले आहे. वस्तुतः तो काळ किंवा तास या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. त्याच्या आरंभीचा ‘ह’ आधुनिक ग्रीक भाषेत उरलेला नाही; आज तेथे ‘ओरा’ म्हणतात. अथेन्सने इ.स.पू. 403 च्या सुमारास आयोनियन वर्णमाला स्वीकारल्यावर ‘ह’ चे अक्षर दीर्घ ‘ए’ साठी वापरले जाऊ लागले आणि ‘ह’ साठी स्वतंत्र अक्षरच राहिले नाही. संस्कृतात मात्र तो अक्षराने लिहिला गेला आणि टिकला.

वापराविषयी

प्राचीन ग्रीकांसाठी ‘यवन’ शब्द सरसकट वापरू नये, असे माझे मत आहे. मध्ययुगीन मराठीत तो मुसलमान या अर्थी रूढ झाला. शिवकाळातील राज्यव्यवहारकोशाच्या प्रास्ताविक श्लोकांत ‘यवनवचने’ म्हटली आहेत ती मुख्यतः फारसी वळणाच्या शब्दांना. आजच्या वाचकाच्या मनात तोच अर्थ आधी येतो. म्हणून भाषेला ‘प्राचीन ग्रीक’ म्हणावे आणि भारतीय लेखांचे किंवा ग्रंथांचे अवतरण देतानाच ‘यवन’ ठेवून अर्थ स्पष्ट करावा. ‘युनानी वैद्यक’ यातील ‘युनानी’ शब्द बदलण्याची मात्र काहीच गरज नाही. तो त्याच आयोनियन नावावरून अरबी-फारसीच्या वाटेने मराठीत आला आहे आणि त्याच्या अर्थाबाबत कोणाचाही गोंधळ होत नाही.