प्रतिसाद: बेलिफाला अडवले म्हणजे थेट अवमान?

जमिनीचा ताबा द्यायला आलेल्या बेलिफाला (न्यायालयाचे आदेश बजावणाऱ्या कर्मचाऱ्याला) बांधावरून परत पाठवले, की दिवाणी न्यायाधीश तिथल्या तिथे अवमानाची शिक्षा देऊ शकतात, असे वर लिहिले आहे. ते अर्धेच बरोबर आहे. न्यायालयाच्या अधिकाऱ्याला अडवणे हा अवमान ठरू शकतो, परंतु १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यानुसार कनिष्ठ न्यायालयाच्या अशा अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार उच्च न्यायालयाचा आहे. सातारा-सांगलीची अशी प्रकरणे १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे जातात, त्यामुळे मुंबईची वारी तेवढी वाचली.

चर्चेत अद्याप न आलेला मुद्दा असा, की हुकूमनामा (दिवाणी दाव्याचा निकाल) हाती असलेल्याला अवमानापेक्षा दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २१, नियम ९७ अधिक उपयोगी पडतो. अडथळा झाल्यापासून ३० दिवसांच्या आत दरखास्त न्यायालयात (हुकूमनाम्याची अंमलबजावणी करणाऱ्या न्यायालयात) अर्ज करावा लागतो, आणि हरलेल्या पक्षाने किंवा त्याच्या चिथावणीने कोणी सबळ कारणाविना अडवले असेल, तर नियम ९८ खाली न्यायालय ताबा देण्याचा आदेश देते, आणि त्यानंतरही अडवले तर ३० दिवसांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. कोरेगाव तालुक्यातील आमच्या नात्यातल्या एका वाटपाच्या प्रकरणात बेलिफाच्या अहवालात केवळ ‘विरोध झाला’ एवढेच होते. कोणी, कोणत्या गटात आणि कसे अडवले याचा उल्लेखच नसल्याने विरुद्ध पक्षाच्या वकिलांनी त्यावरच बोट ठेवले. पंचांसमोर नावानिशी पंचनामा करून घ्यावा, आणि विरोधाची शक्यता दिसत असल्यास पोलीस बंदोबस्ताचा अर्ज आधीच द्यावा.