शुगर ग्लायडरची नखं घरी कापावीत का?

तिलकनगरवाली: आमच्या इंदूरच्या प्राणीवाल्या ग्रुपवर काल एकाने लिहिलं, ग्लायडरची नखं कापणं हा अत्याचार आहे. मला मुळीच पटलं नाही. ऑस्ट्रेलियात, न्यू गिनीत हा झाडांवरून तरंगत जाणारा इवलासा जीव दिवसरात्र झाडाच्या सालीशी झटतो, नखं तिथेच झिजतात. आपल्या फ्लॅटमध्ये साल कुठली? पडदे आणि आजीची गोधडी. धाग्यात नख अडकलं की तो जिवाच्या आकांताने हिसके देतो आणि बोट दुखावून घेतो. दुपारी तो पेंगत असताना त्याच्या झोपायच्या कापडी पिशवीतून एकेक पाय बाहेर घ्यायचा, नेलकटरने फक्त वाकडं टोक उडवायचं. संपलं.

राऊचा_रहिवासी: दिवसरात्र नाही ताई, निशाचर आहे तो, रात्रीच झटतो! आणि नखांवरच त्याची पकड असते. पडद्याच्या दांडीवरून उडी मारली आणि समोर पकड सुटली, तर? पिंजऱ्यात जाड, खडबडीत फांद्या बांधा. पेरूची चालेल, फवारणी न केलेली. मग कात्री लागतच नाही.

तिलकनगरवाली: रात्रीचं मान्य. पण फांद्या आमच्याकडेही आहेत, तरी नखं गोधडीत अडकतातच. आणि टोक गेल्याने पकड जात नाही हो, मुळापासून कोण कापतंय?

चाकवाला: एवढा वाद कशाला? पळायच्या चाकात पॉलिश पेपर लावा, नखं आपोआप घासली जातील.

महूची_विद्यार्थिनी: दादा, तो पेपर नखांबरोबर तळवेही सोलतो. लावायचाच तर अगदी बारीक दाण्याचा, तोही थोडा वेळ, आणि तळवे रोज बघायचे. मी कापण्याच्या बाजूची, पण बघून. नखात गुलाबी शीर दिसते, तिच्या बरंच अलीकडे थांबायचं. मागच्या पायाची दुसरी-तिसरी बोटं जोडलेली असतात, ती त्याची फणी. तिथली नखं सोडून द्या. मागच्या अंगठ्याला तर नखच नसतं, शोधत बसू नका.

राऊचा_रहिवासी: आणि शीर कापली गेली तर? शंभर-सव्वाशे ग्रॅमचा जीव, रक्त असतं किती त्याच्यात!

महूची_विद्यार्थिनी: कॉर्नफ्लोअर चिमटीत घेऊन दाबून धरायचं. तुरटी नको, झोंबते. नाही थांबलं तर डॉक्टर. पण असा प्राणी पाहिलेला डॉक्टर आधीच शोधून ठेवा, कुत्र्या-मांजरांचे सगळेच डॉक्टर याला हात लावत नाहीत.

लोकमान्यनगरच्या_काकू: मुळात रात्री झाडांवरून तरंगत जाणारा प्राणी पिंजऱ्यात का, हे कुणी विचारत नाही. नखं कापा नाहीतर रंगवा, चूक तिथेच आहे.

तिलकनगरवाली: काकू, तुमचं म्हणणं खरं आहे, पुन्हा आणणारही नाही. पण हे दोघं आता घरात आहेत आणि त्यांची नखं वाढतायत. त्यांना इंदूरच्या झाडावर सोडू का? मांजर वाट बघतेय.

राऊचा_रहिवासी: सोडू नका. कापूही नका. फांदी बदला, साल गुळगुळीत झाली असेल.